बोलणं कुणी ऐकलं नाही, तरी माणूस सापडतो

मा. संपादक,
स.न.वि.वि.

गेल्या नोव्हेंबरात पेन्शनसाठी हयातीचा दाखला द्यायला एका सरकारी कचेरीत गेले होते. रांगेत उभी असताना समोरच्या भिंतीवरचा फलक वाचला. गैरव्यवहाराची माहिती द्या, माहिती देणाऱ्याचं नाव गुप्त ठेवलं जाईल, आणि खाली ठळक अक्षरांत मोबाइल नंबर. माझ्या पुढच्या गृहस्थांनी खिशातून फोन काढला, फलकाचा फोटो घेतला आणि कुणी पाहिलं का म्हणून मागे वळून बघितलं. आमची नजरानजर झाली. मला त्यांना एक गोष्ट सांगावीशी वाटली होती, पण अनोळखी माणसाशी असं कसं बोलायचं म्हणून मी गप्प बसले. तेव्हापासून ते मनात सलतं आहे, म्हणून हे पत्र.

मी 1974 मध्ये एका जिल्ह्याच्या ठिकाणी टेलिफोन एक्स्चेंजमध्ये ट्रंक ऑपरेटर म्हणून लागले. आजच्या मुलांना हे काम ठाऊक नसणार. परगावी बोलायचं तर आधी कॉल बुक करावा लागे. आम्ही कानाला हेडसेट लावून बोर्डासमोर बसायचो. बुकिंग आलं की एक छापील तिकीट भरायचं: कुठल्या नंबरावरून, कुठल्या गावाला, कुठला नंबर, कॉल साधा, अर्जंट की लाइटनिंग म्हणजे सगळ्यात तातडीचा, किती वाजता बुक झाला, किती वाजता लागला, किती मिनिटं चालला. विशिष्ट माणसालाच फोनवर बोलवायचं असेल तर तो पीपी कॉल, मग त्या माणसाचं नावही तिकिटावर यायचं. तीन मिनिटं झाली की मध्ये जाऊन विचारायचं, 'तीन मिनिटं झाली, वाढवायची का?' ही तिकिटं दिवसअखेर जुळवून, गठ्ठे बांधून बिलासाठी जायची.

नोकरीला लागताना गोपनीयतेचं बंधन आम्हाला नीट समजावून सांगितलं होतं. लोकांचं बोलणं ऐकायचं नाही, चुकून कानावर पडलं तर बाहेर बोलायचं नाही. 1885 च्या तार कायद्यात त्यासाठी शिक्षा होती आणि आमच्या वरिष्ठ बाई ते कलम वरचेवर आठवण करून द्यायच्या. आम्ही ते पाळलं. माझ्या बरोबरीच्या मुलींपैकी कुणी कुणाचं बोलणं चव्हाट्यावर आणल्याचं मला आठवत नाही.

पण बोलणं न ऐकताही आम्हाला गावाची नाडी कळायची. पहाटे दोनला एखाद्या घरून लाइटनिंग कॉल लागला की त्या घरात काहीतरी झालं आहे हे कळायचं. एखाद्या व्यापाऱ्याचे रोजचे मुंबईचे कॉल एकदम थांबले आणि वकिलाचे सुरू झाले की पुढच्या महिन्यात दुकानाला कुलूप लागणार हे आम्ही आधीच ओळखायचो. एका मुलीच्या घरून एकाच गावाला लागोपाठ पीपी कॉल गेले की सोयरीक जुळते आहे, आणि ते एकाएकी बंद झाले की फिसकटली. एक शब्दही न ऐकता. हे सगळं तिकिटांवर होतं.

आता जे सांगायचं आहे ते मी आजवर फक्त माझ्या यजमानांना सांगितलं होतं.

1980 चा पावसाळा होता. एका सरकारी कचेरीतल्या सिमेंटच्या परवान्यांबद्दल एका वर्तमानपत्रात बातमी आली. आकडे, तारखा, कुणाच्या शिफारशीवरून कुणाला किती पोती, सगळं तपशिलाने. दोन दिवसांनी सुपरवायझरांनी मला आत बोलावलं. तिथे त्या कचेरीतले एक साहेब बसले होते. त्या वर्तमानपत्राच्या नंबरावर गेल्या महिन्याभरात आपल्या एक्स्चेंजमधून किती कॉल गेले, तेवढीच तिकिटं बघायची आहेत, असं म्हणाले. लेखी हुकूम नव्हता. मी विचारलाही नाही. माझ्या मनात एवढंच आलं की बोलणं तर कुणी मागत नाही, तिकिटं म्हणजे बिलाचे कागद. शपथ बोलण्याबद्दल होती, तिकिटांबद्दल कुणी कधी काही सांगितलं नव्हतं.

गठ्ठे सोडून अर्ध्या तासात मी तीन तिकिटं काढून दिली. तिन्ही टपाल कचेरीतल्या सार्वजनिक फोनवरून केलेले पीपी कॉल. करणारा सावध होता, स्वतःच्या कचेरीतला फोन त्याने वापरला नव्हता. तिकिटावर त्याचं नाव असण्याचा प्रश्नच नव्हता. मला वाटलं, यातून काय निघणार? साहेबांनी तीन तारखा आणि तीन वेळा चिठ्ठीवर उतरवून घेतल्या आणि गेले. नंतर कळलं की त्यांनी त्या वेळा त्यांच्या कचेरीतल्या हालचाल नोंदवहीशी ताडून पाहिल्या. त्या तिन्ही वेळी बाहेर गेलेला माणूस एकच निघाला. लेखा शाखेतला कारकून.

महिना-दीड महिन्याने माझ्याच पाळीत त्याच टपाल कचेरीतून एक पीपी कॉल बुक झाला. दूरच्या एका तालुक्याच्या शाळेत, मुख्याध्यापकांसाठी. 'कोण बोलतंय म्हणून सांगू?' असं विचारलं तर नाव त्याच कारकुनाचं. तीन मिनिटं झाल्यावर मी मध्ये गेले तेव्हा मुख्याध्यापकांचं वाक्य कानावर पडलं, 'वर्षाच्या मध्यात कोणी घेत नाही हो, पण घेऊन या मुलीला.' मी वाढवायचं का ते विचारलं. कारकून म्हणाले, 'नको, झालं बोलून.' आवाज शांत होता. माझ्या हाताला मात्र कंप सुटला होता.

2013 च्या जूनमध्ये अमेरिकी गुप्तचर यंत्रणेची गुपितं फोडणाऱ्या एडवर्ड स्नोडेनची बातमी आली तेव्हा मी निवृत्त होऊन घरी होते. त्याने उघड केलेल्या कागदांतला पहिला प्रसिद्ध झालेला कागद म्हणजे अमेरिकेतल्या एका गुप्त न्यायालयाचा हुकूम होता: व्हेरायझन या कंपनीने कोट्यवधी ग्राहकांच्या फोनच्या नोंदी रोजच्या रोज सरकारला द्याव्यात. कोणी कोणाला, केव्हा, किती वेळ. तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष ओबामा यांनी लोकांना दिलासा दिला की तुमचं बोलणं कुणी ऐकत नाही. घरात सगळे म्हणाले, मग ठीक आहे की. मी एकटीच टीव्हीसमोर बसून राहिले, कारण ती माझी तिकिटं होती. अर्ध्या तासात तीन काढली होती मी, हातांनी. यंत्राला त्याला किती वेळ लागेल?

पुढे 2020 मध्ये अमेरिकेतल्याच अपील न्यायालयाने तो नोंदी गोळा करण्याचा कार्यक्रम बेकायदा होता असं म्हटलं. पण ते उघड करणाऱ्या स्नोडेनवरचा 1917 च्या हेरगिरी कायद्याखालचा खटला तसाच उभा आहे आणि तो रशियात अडकून पडला आहे. त्याने सगळ्याच कागदांच्या बाबतीत बरोबर केलं का, यावर मतभेद असू शकतात, मलाही सगळं पटत नाही. पण बेकायदा काम करणारा घरी आणि ते सांगणारा परागंदा, हा न्याय मला कुणी समजावून सांगावा.

आपल्याकडे अशा माणसाला जागल्या म्हणतात. शब्द किती नेमका आहे. गाव झोपलेलं असताना जो जागा राहतो आणि हाळी देतो तो. हाळी दिल्यावर त्याचं काय होतं हे आपण सत्येंद्र दुबे यांच्या बाबतीत पाहिलं. कानपूरच्या आयआयटीतून शिकलेला हा अभियंता सुवर्ण चतुष्कोन महामार्गाच्या कामावर बिहारमध्ये होता. कामातल्या गैरप्रकारांबद्दल त्याने 2002 मध्ये थेट पंतप्रधानांना पत्र लिहिलं आणि आपलं नाव गुप्त ठेवावं अशी विनंती केली. ते पत्र नावासकट एका कचेरीतून दुसऱ्या कचेरीत फिरलं. 27 नोव्हेंबर 2003 रोजी गयेत त्याला गोळ्या घातल्या. तपासात तो लुटीचा गुन्हा ठरला आणि तिघांना शिक्षा झाली. तरीही ज्याने हात जोडून नाव लपवा म्हटलं त्याचं नाव टेबलाटेबलांवरून फिरलं, ही गोष्ट पुसली जात नाही.

त्यानंतर 2004 मध्ये केंद्राने ठराव केला आणि अशा तक्रारी केंद्रीय दक्षता आयोगाकडे द्यायची सोय झाली. त्यातली एक गोष्ट मला फार आवडते. तक्रार बंद पाकिटात द्यायची, पाकिटावर तक्रारदाराचं नाव घालायचं नाही आणि नाव-पत्ता तक्रारीतच किंवा सोबतच्या पत्रात ठेवायचा. कुणीतरी नीट विचार करून, टपाल फोडणाऱ्या कारकुनापासून नाव कसं वाचवायचं हे ठरवलं आहे. 2014 मध्ये तर संसदेने जागल्यांच्या संरक्षणाचा कायदाच केला. राष्ट्रपतींची सही झाली, राजपत्रात छापला गेला, आणि तो लागू करण्याची अधिसूचना मात्र निघालीच नाही. कायदा कपाटात पडून आहे. नाव उघड करणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद त्यात आहे. ती आधी अमलात तरी येऊ द्या.

पण आली तरी माझी शंका उरतेच, आणि ती रांगेतल्या त्या गृहस्थांना सांगायची होती. नाव कुणीतरी 'उघड' करेल ही भीती जुनी झाली. आता नाव कुणाला सांगावंच लागत नाही, ते नोंदींतून निघतं. अमेरिकी सरकारची गुप्त कागदपत्रं पुढे वर्तमानपत्रांना देणाऱ्या डॅनियल एल्सबर्गने 1969 मध्ये व्हिएतनाम युद्धाच्या गुप्त इतिहासाची सुमारे 7,000 पानं झेरॉक्स केली, रात्री-रात्री बसून. ते यंत्र काही लक्षात ठेवत नव्हतं. 2017 मध्ये रिअ‍ॅलिटी विनर या अमेरिकन तरुणीने एक गुप्त अहवाल छापून एका वृत्तसंस्थेला टपालाने पाठवला. तपास यंत्रणेने न्यायालयात सांगितलं ते असं: तो अहवाल कोणी कोणी छापला हे पाहिलं तर सहा जण निघाले, आणि त्या सहांपैकी एकीच्याच कचेरीतल्या संगणकावरून त्या वृत्तसंस्थेशी ईमेलने संपर्क झाला होता. संपलं. तिला पाच वर्षं तीन महिन्यांची शिक्षा झाली. ती बातमी वाचताना मला ती हालचाल नोंदवही आठवली. एक यादी दुसऱ्या यादीवर ठेवायची, दोन्हीत असलेलं नाव उचलायचं. चाळीस वर्षांत रीत तीच राहिली, याद्या मात्र अफाट झाल्या.

आणि त्या याद्या कुणाच्या हाती आहेत? आपल्याकडे टेलिफोन कंपन्यांनी कॉलच्या नोंदी, ज्याला पोलीस आणि पत्रकार सीडीआर म्हणतात, किमान दोन वर्षं जपून ठेवाव्यात असा डिसेंबर 2021 पासून परवान्याचा नियम आहे. एखाद्याचा फोन ऐकायचा तर गृह सचिवांच्या पातळीवरचा हुकूम लागतो, तेही 1996 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने खडसावल्यावर. सीडीआरला तेवढंही लागत नाही, पोलीस अधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याची मागणी पुरते. म्हणजे आजही कायद्याची समजूत मी 1980 मध्ये करून घेतली होती तीच आहे: बोलणं पवित्र, तिकीट म्हणजे नुसता कागद. 2013 मध्ये राज्यसभेतले तेव्हाचे विरोधी पक्षनेते अरुण जेटली यांचे सीडीआर भलत्याच मार्गाने मिळवल्याचं प्रकरण गाजलं. 2018 मध्ये ठाणे पोलिसांनी सीडीआरची विक्री केल्याच्या आरोपावरून खासगी गुप्तहेरांना पकडलं. विरोधी पक्षनेत्याची ही गत, तर लेखा शाखेतल्या कारकुनाला कोण विचारतो.

अपहरण झालेलं मूल सीडीआरवरून सापडतं, खुनाचा माग लागतो, हे मला मान्य आहे. पोलिसांचं हत्यार काढून घ्या असं मी म्हणत नाही. पण कुणाच्या नोंदी कोणी, कशासाठी मागितल्या याचीही नोंद हवी आणि ती कुणीतरी बाहेरच्याने तपासायला हवी. इथे उलटच आहे. फोन ऐकण्याच्या हुकुमांची तपासणी करणारी समिती सचिवांचीच, त्यात न्यायाधीश नाही. आणि त्या हुकुमांचे कागद, काही खास गरज नसेल तर, दर सहा महिन्यांनी नष्ट करायचे असा नियम 2007 पासून आहे, 2024 च्या नव्या नियमांतही तो राहिला. माझ्या फोनची नोंद दोन वर्षं ठेवायची आणि माझा फोन ऐकायचा हुकूम सहा महिन्यांत नाहीसा करायचा. ज्याचा फोन ऐकला त्याला नंतरही कधी कळवत नाहीत. मग तो दाद कशाची मागणार?

दहा-बारा वर्षांपूर्वी माहितीच्या अधिकारात केंद्राने एक आकडा दिला होता. फोन ऐकण्याचे महिन्याला सरासरी 7,500 ते 9,000 हुकूम निघतात. मी आयुष्यभर मिनिटं मोजण्याचं काम केलं, त्यामुळे लगेच हिशेब मांडला. महिन्याचे तीसही दिवस, रोज आठ तास, एका जागेवरून न हलता सही करणाऱ्याने प्रत्येक कागद वाचायचा ठरवला, तरी कमी आकडा धरूनसुद्धा एका हुकुमाला दोन मिनिटंही येत नाहीत. आमचा साधा ट्रंक कॉल तीन मिनिटांचा होता.

असा आकडा आज विचारला तर मिळेल का याची मला खात्री नाही. माहितीच्या अधिकारालाही कात्री लागली आहे. व्यक्तिगत माहिती नाकारतानाही व्यापक जनहित असेल तर ती द्यावी, असं 2005 च्या कायद्यात त्याच तरतुदीत लिहिलेलं होतं. 2023 च्या डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षणाच्या कायद्याने ते शब्द काढून टाकले. दुसरं एक कलम शिल्लक आहे, असं सरकार सांगतं. आहे खरं, पण कागद न देणाऱ्याला निमित्त पुरतं, हे सरकारी कचेऱ्यांत आयुष्य काढलेल्या प्रत्येकाला माहीत आहे. सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांनी 24 ऑगस्ट 2017 रोजी खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे असं एकमताने सांगितलं, तेव्हा मला मनापासून आनंद झाला होता. तो हक्क कारकुनाला मिळावा म्हणून झाला होता. साहेबांच्या फाइलीवर पांघरूण घालायला तो निकाल नव्हता.

मी कायद्याची जाणकार नाही. तरी मला एवढं स्पष्ट दिसतं की जागल्याचं संरक्षण करायचं तर त्याच्या नावाबरोबर त्याच्या मागाचंही करावं लागेल. तक्रारदार किंवा बातमीदाराला माहिती देणारा माणूस शोधण्यासाठी सीडीआर, छपाईच्या नोंदी, दारावरच्या पंचिंगच्या नोंदी चाळणं हा स्वतंत्र गुन्हा व्हायला हवा, तिथून नाव बाहेर फुटलं नाही तरी. आणि नोंदी मागायच्याच असतील तर न्यायाधीशासमोर जाऊन, लेखी कारण देऊन. माझ्यापुढे 1980 मध्ये एक लेखी हुकूम ठेवावा लागला असता, तर साहेबांना त्यावर कारण लिहावं लागलं असतं. काय लिहिलं असतं त्यांनी? सिमेंट कुणाला गेलं हे ज्याने सांगितलं त्याला शोधायचं आहे, असं? मला वाटतं ते आलेच नसते.

तोवर फलक लावणाऱ्या कचेऱ्यांनी निदान खरं लिहावं. नाव आम्ही सांगणार नाही, पण तुमच्या फोनवरून केलेल्या कॉलची नोंद टेलिफोन कंपनीकडे राहील, असं. आणि टपालाचा पत्ता मोबाइल नंबराएवढ्याच मोठ्या अक्षरांत द्यावा.

तुमच्या पत्रव्यवहाराच्या नियमाप्रमाणे माझं नाव आणि पत्ता कळवणं भाग आहे. तो वेगळ्या कागदावर लिहून या पत्रासोबत जोडला आहे. पत्र ईमेलने न पाठवता टपालाने पाठवते आहे. छापताना नाव घालू नये, गावही नको, कारण गावावरून आणि सालावरून त्या कारकुनापर्यंत पोचता येईल. ते आता हयात आहेत की नाहीत मला माहीत नाही, पण त्यांची मुलगी असेल. खातरजमा झाली की तो वेगळा कागद कृपया फाडून टाकावा.

आपली नम्र,
एक निवृत्त ट्रंक ऑपरेटर